जन्माने मिळालेल्या फायद्यांबद्दल भावी शिक्षकांना कसं शिकवावं? (नागपूर, डी.एल.एड. वर्ग)

महालची_मास्तरीण

नमस्कार. मी नागपुरातल्या एका अध्यापक विद्यालयात डी.एल.एड.च्या, म्हणजे प्राथमिक शिक्षकांच्या पदविकेच्या, दुसऱ्या वर्षाला शिकवते. वर्गात उमरेड, काटोल, भिवापूरकडून रोज एसटीने येणारी मुलं आहेत, पाचपावली-इंदोऱ्यातल्या मुली आहेत, गडचिरोलीहून येऊन वसतिगृहात राहणाऱ्या दोघी आहेत आणि धरमपेठेतलेही चार-दोन जण आहेत. हीच मुलं उद्या पहिली-दुसरीच्या वर्गासमोर उभी राहतील. म्हणून हा विषय मला परीक्षेपुरता नाही, नीट शिकवायचा आहे.

आम्ही वर्गात वंचित गटांच्या शिक्षणाबद्दल बरंच बोलतो. गळती का होते, योजना कोणत्या, कुणाला काय मिळालं नाही. पण कुणाला काय न मागता मिळालं, ही बाजू कधी येतच नाही. ती आणावी म्हणून मी पेगी मॅकिंटॉश यांच्या एका लेखाचा मराठीत सारांश केला. त्या अमेरिकेतल्या वेलस्ली कॉलेजमध्ये स्त्री-अभ्यासाचं काम करत. स्त्रियांचं नुकसान होतं हे पुरुष सहकारी मान्य करतात, पण त्यातून आपला फायदा होतो हे काही केल्या मान्य करत नाहीत, हे त्यांनी पाहिलं. मग गोरी बाई म्हणून तोच प्रश्न त्यांनी स्वतःला लावला. १९८८ सालच्या त्या लेखात आपल्याला रोज आयत्या मिळणाऱ्या ४६ गोष्टी आहेत. दुकानात शिरलं तर संशयाने कुणी मागे मागे फिरत नाही. जखमेवर लावायची 'कातडीच्या रंगाची' पट्टी आपल्या कातडीला जुळते. आपल्या वंशातल्या सगळ्यांच्या वतीने बोला, असं कुणी सांगत नाही.

त्यावरून मी माझी यादी लिहिली. मी महालातली, ब्राह्मण घरातली. भाड्याने खोली बघायला गेले तेव्हा आडनाव सांगितल्यावर पुढचा प्रश्न थेट डिपॉझिटचा आला. आमच्या घरची भाषा आणि पुस्तकातली भाषा जवळपास एकच, त्यामुळे मी तोंड उघडलं की बाई मला हुशार समजायच्या. गणितात कमी गुण पडले तर ते माझे एकटीचे होते, माझ्या जातीच्या खात्यात गेले नाहीत. नोकरी लागली तेव्हा 'कोणत्या कोट्यातून?' असं कुणी विचारलं नाही. माझी आजी वर्तमानपत्र वाचायची, हे मला लहानपणी जगातल्या सगळ्या आज्यांबद्दल खरं वाटायचं.

पुढची पायरी म्हणून मैदानावर एक खेळ घ्यायचा विचार आहे. सगळ्यांनी एका रेषेत उभं राहायचं आणि मी वाक्यं वाचायची. 'घरी अभ्यासाला वेगळी जागा होती त्यांनी एक पाऊल पुढे.' 'जातीवरून कुणी कधी टोकलं असेल त्यांनी एक पाऊल मागे.' शेवटी कोण कुठे उभं आहे ते सगळ्यांना दिसतं. परदेशात प्रशिक्षणांमध्ये हा खेळ बराच वापरतात. सहकारी मॅडम म्हणतात घेऊ नका, वर्गात गट पडतील. गटांची मला भीती नाही, ते आधीच पडलेले आहेत. पण कुणाला दुखवायचं नाही. ज्यांनी हे विषय प्रत्यक्ष वर्गात हाताळलेत त्यांनी कृपया सांगावं.

इंदोऱ्याचे_गुरुजी

मॅडम, जय भीम, नमस्कार. जिल्हा परिषदेच्या शाळांमध्ये शिकवून निवृत्त झालो. घर इंदोऱ्यात.

तुमची यादी ठेवा. खेळ घेऊ नका.

आम्ही शाळेत असताना फॉर्म भरायच्या दिवसांत बाबू गठ्ठा घेऊन वर्गात यायचे. दारातूनच म्हणायचे, "स्कॉलरशिपवाले उभे राहा." आम्ही उभे राहायचो, बाकीचा वर्ग बसून बघायचा. सह्या घ्यायचे, निघून जायचे. त्यांच्या मनात काही वाईट नसायचं, त्यांचं काम लवकर आटोपायचं एवढंच. पण त्यानंतर मधल्या सुट्टीत डबा कोण कुणाजवळ बसून खाईल, हे न बोलता ठरून जायचं. तोवर ज्याला माझी जात माहीत नव्हती त्यालाही ती माहीत झालेली असायची, आणि ती सांगणारी शाळाच होती. आजही कितीतरी शाळांत हेच चालू आहे. तुमच्या खेळात फक्त उभं राहण्याऐवजी चालायचं आहे.

आता या खेळातून कोण काय शिकतं ते बघा. सगळ्यात मागे राहिलेल्या मुलीला नवीन काय कळलं? ती कुठे उभी आहे हे तिला पहिलीपासून ठाऊक आहे. पुढे पोहोचलेला मुलगा वळून बघतो, हळहळतो, आठवडाभर तिच्याशी जपून बोलतो. शिकला तो, आणि त्याची फी तिने भरली. वर त्याची ती दया तिने वर्षभर सोसायची. दया सोसणं किती जड असतं हे मी शब्दांत सांगू शकत नाही.

दुसरं असं की तुमच्या वर्गात आडनाव न लावणारी किंवा बदललेली मुलं नक्की असतील. खोली मिळावी म्हणून, जीवाला थोडी उसंत मिळावी म्हणून त्यांनी ते केलेलं असतं. 'जातीवरून टोकलं असेल तर मागे' असं तुम्ही म्हटलं की त्या मुलीपुढे दोनच वाटा उरतात. खोटं पाऊल टाकायचं, नाहीतर सगळ्यांदेखत जात सांगायची. तिला त्या जागी आणायचा अधिकार शिक्षकाला नाही.

मॅकिंटॉश बाईंचा लेख तुम्ही वाचलाच आहे, तर त्यांनी काय केलं हेही बघा. आपल्याच इमारतीत काम करणाऱ्या कृष्णवर्णीय सहकारी स्त्रियांच्या तुलनेत आपल्याला काय आयतं मिळतं, ते त्यांनी स्वतः शोधून लिहिलं. त्या सहकाऱ्यांना रांगेत उभं केलं नाही. पुढे हे लेख वापरणाऱ्यांसाठी त्यांनी सूचना लिहिल्या. त्यांतही त्यांनी बजावलं की ही माझ्या अनुभवाची यादी आहे आणि तिचा उपयोग दोष द्यायला किंवा लाजवायला करू नये. ज्याच्याकडे आहे त्यानेच आपला हिशोब मांडायचा, हा त्या लेखाचा कणा आहे. खेळात तोच मोडतो.

आणि अमेरिकेच्या आधी पुण्याला जाऊन या. १८८२ साली इंग्रज सरकारने शिक्षणासाठी नेमलेल्या हंटर आयोगापुढे जोतीराव फुल्यांनी निवेदन दिलं. त्यात त्यांनी सरळ विचारलं की सरकारचा महसूल शेतकऱ्याच्या घामातून येतो आणि शिक्षणावरचा खर्च वरच्या वर्गांच्या उच्च शिक्षणाकडे का जातो? एकाचं नुकसान आणि दुसऱ्याचा फायदा त्यांनी एकाच हिशोबात मांडला. तुमच्या वर्गाला लागू पडणारी गोष्ट त्याच निवेदनात आहे. प्राथमिक शाळेतले शिक्षक शक्यतो शेतकरी वर्गातलेच प्रशिक्षित शिक्षक असावेत, कारण ते मुलांच्या आईवडिलांत मोकळेपणाने मिसळतील, असं जोतीरावांनी मागितलं. सोवळ्याने दूर राहणारा मास्तर त्यांना नको होता. डी.एल.एड.च्या मुलांना हे नक्की वाचायला द्या. तुमच्या वर्गातली भिवापूरची शेतकऱ्याची पोरगी ज्या जागेवर बसली आहे, ती जागा कुणीतरी १८८२ मध्ये तिच्यासाठी मागितली होती. त्या पोरीला हे कळू द्या.

मग करायचं काय? तुमची मुलं आंतरवासितेला शाळांमध्ये जातात. त्यांच्या हातात एक वही द्या आणि बघायला सांगा. फळा कोण पुसतं, पाणी आणायला कोणाला पाठवतात, संडास साफ करायला कोणाचं नाव पुकारतात. २६ जानेवारीला माइक कोणाच्या हातात असतो. मास्तर कोणाला नावाने हाक मारतात आणि कोणाला नुसतं 'ए'. एखादं पोरगं 'मले येते' म्हणालं की पहिलं कोण हसतं, आणि मास्तर त्या हसण्याचं काय करतात. कोणाची वही हातात घेऊन तपासतात आणि कोणाची टेबलावरच ठेवायला लावतात. मुलांनी हे शाळेबद्दल लिहायचं, एकमेकांबद्दल नाही. अशा वहीतून निघालेलं कोणालाही खोडता येत नाही, कारण ते त्यांनी डोळ्यांनी पाहिलेलं असतं आणि कोणालाही अंगावर घ्यावं लागत नाही.

कामठी_ते_पुणे

गुरुजी बोलले ते अगदी खरं आहे. माझं शिक्षण कामठी-नागपूरला झालं, आता पुण्यात सॉफ्टवेअरमध्ये आहे. आमच्या कंपनीत हाच पावलांचा खेळ झाला होता. बाहेरून आलेल्या मॅडम प्रेमळ होत्या, हेतू चांगला होता.

मी प्रत्येक वाक्याला पुढे गेलो. माझ्या आजोबांनी १४ ऑक्टोबर १९५६ ला दीक्षाभूमीवर दीक्षा घेतली. आमच्या घरात बाबासाहेबांच्या फोटोखाली बसून अभ्यास केला आम्ही, कशाचीच लाज बाळगायला शिकवलं नाही कोणी. तरी मी पुढे गेलो, कारण माझा मॅनेजर शेजारीच उभा होता आणि पुढच्या महिन्यात अप्रेझल होतं. खेळाच्या शेवटी मी सगळ्यात समोर होतो. मॅडमनी मला विचारलं, "वळून बघताना कसं वाटतंय?"

मागच्या रांगेत एक मुलगी उभी होती. ती खरी चालली होती. त्या दिवसानंतर ती आमच्यासोबत जेवायला आली नाही.

सरळ_बोलतो

मला हे सगळं पटत नाही, रागावू नका. मी ब्राह्मणच आहे. वडील लग्नांमध्ये स्वयंपाकाला जायचे, आम्ही दोन खोल्यांत सहा जण. मला कुठला फायदा मिळाला? फी माफ नाही, शिष्यवृत्ती नाही. आता माझ्या मुलीला वर्गात कुणी सांगणार की तू जन्मतःच फायद्यात आहेस, तर ती काय समजेल? कष्ट सगळेच करतात. शाळेत जात काढूच नये, मुलं आपोआप विसरतील.

इंदोऱ्याचे_गुरुजी

भाऊ, रागावण्याचं काही नाही. तुमच्या वडिलांच्या कष्टाला माझा नमस्कार. दोन खोल्यांत सहा जण म्हणजे काय, हे मला कोणी समजावून सांगायची गरज नाही.

गरिबी खरीच आहे. त्यासाठी २०१९ मध्ये १०३ वी घटनादुरुस्ती होऊन खुल्या वर्गातल्या दुर्बल घटकांना १० टक्के आरक्षणही मिळालं. पण गरिबी आणि जात या दोन वेगळ्या गोष्टी आहेत, आणि हे तुमच्याच घरच्या उदाहरणातून दिसतं. तुमचे वडील लग्नात स्वयंपाकाला जायचे. माझी आईही हाताला चव असलेली बाई होती. आमच्या वस्तीतल्या कार्यात पाचशे माणसांचं जेवण ती एकटीच्या देखरेखीखाली काढायची. तुमच्या वडिलांना ज्या घरांनी बोलावलं, त्यांपैकी एकाही घराने तिला चुलीजवळ उभं केलं नसतं. पैसा दोन्ही घरांत नव्हता. तुमच्या घरात एक वाट मोकळी होती, आमच्या घराला ती बंद होती. तुमच्या वडिलांनी ती वाट कोणाकडून हिसकावून घेतली असं मी म्हणत नाही. ती मोकळी होती, एवढंच त्यांच्या मुलाने मान्य करावं.

आणि मुलं आपोआप विसरतात, हे ऐकायला बरं वाटतं. मी वर्गात उलटंच पाहिलं. ज्यांना विसरणं परवडतं ती विसरतात. बाकीच्यांना कोणीतरी आठवण करून देतंच. सीताबर्डीच्या उड्डाणपुलावरून रोज हजारो लोक जातात. त्याला आदिवासी गोवारी शहिदांचं नाव आहे. २३ नोव्हेंबर १९९४ ला विधानभवनावर आलेल्या गोवारींच्या मोर्चात चेंगराचेंगरी होऊन ११४ माणसं गेली, त्यांत बायका-लेकरं फार होती. आपल्याच शहरात, दिवसाढवळ्या. तुमच्या मुलीला विचारून बघा, तिला ठाऊक आहे का. ठाऊक नसेल तर तिचा काही दोष नाही. पण गोवारी समाजातल्या तिच्या वयाच्या मुलीला हे ठाऊक नसणं शक्यच नाही. एकीला न कळताही या शहरात सुखाने राहता येतं, दुसरीला येत नाही. शिकवायचं ते हेच, आणि यात तुमच्या मुलीला लाजवण्यासारखं काही नाही.

प्राथमिक_शिक्षिका_नागपूर

मी खासगी शाळेत पहिलीला शिकवते, शाळेचं नाव सांगत नाही. शिक्षण हक्क कायद्याने (आरटीई) वंचित आणि दुर्बल घटकांसाठी राखलेल्या २५ टक्के जागांवर आलेली मुलं माझ्या वर्गात आहेत. २००९ च्या कायद्याने त्यांना दार उघडून दिलं. आत आल्यावर काय होतं ते मी रोज बघते.

स्टाफरूममध्ये त्यांना 'आरटीईवाले' म्हणतात. हजेरीत नावापुढे पेन्सिलीने खूण असते. सहलीच्या पैशांचा निरोप लिहिताना त्यांच्या डायरीत वेगळं लिहायचं, कारण 'त्यांना जमणार नाही'. सहा वर्षांचं मूल ती खूण वाचू शकत नाही, पण बाईंचा आवाज वाचतं. मागे फेब्रुवारी २०२४ मध्ये सरकारने नियम बदलून, एक किलोमीटरच्या आत सरकारी किंवा अनुदानित शाळा असेल तर खासगी शाळेला या प्रवेशातून सूट दिली होती. तेव्हा आमच्याकडे उघड आनंद झाला. जुलैमध्ये मुंबई उच्च न्यायालयाने ती दुरुस्ती रद्द केली आणि चेहरे पडले. शिकलेली, चांगली माणसं आहेत ही. घरी मुलांना 'सगळे समान' असंच शिकवतात.

मॅडम, तुमच्या विद्यार्थ्यांना एक नक्की सांगा. पहिल्या दिवशी हजेरीपटावरच्या खुणा खोडा. माहिती कार्यालयात आहे, वर्गात तिचं काम नाही. मी खोडल्या. मला विचारणा झाली, मी तेच उत्तर दिलं आणि पुढे काही झालं नाही.

महालची_मास्तरीण

सगळ्यांचे मनापासून आभार. मैदानावरचा खेळ घेणार नाही. कामठीच्या दादांनी लिहिलेली ती मागच्या रांगेतली मुलगी माझ्या वर्गातल्या कोणाच्याही चेहऱ्याने डोळ्यांसमोर येते आहे.

आंतरवासितेच्या वहीची कल्पना घेते. पुढच्या फेरीला जाण्याआधी काय बघायचं ते मुलांसोबत बसून ठरवीन. हजेरीपटाच्या खुणा, शिष्यवृत्तीचे फॉर्म वाटायची पद्धत, दोन्ही त्यात घालते. आमच्याच संस्थेत फॉर्म कसे वाटतात, हेही मी उद्या कार्यालयात जाऊन बघणार आहे. फॉर्म ज्याने त्याने खिडकीवरून घ्यावा आणि वर्गात कोणीही नावं पुकारू नयेत, असं प्राचार्यांना लेखी देते.

फुल्यांच्या निवेदनाबरोबर मला नागपूरचं काहीतरी द्यायचं आहे. जाईबाई चौधरींबद्दल थोडं वाचलं आहे. गुरुजी, त्यांच्यापासून सुरुवात केली तर?

एका बाबतीत मात्र मी माझ्या म्हणण्यावर ठाम आहे. माझी यादी मी वर्गात वाचणार. मुलांपुढे ब्राह्मण बाई स्वतःहून हे बोलते आहे, हे धरमपेठेतल्या त्या चार-दोन जणांनी ऐकणं मला गरजेचं वाटतं. दुसऱ्या कोणी सांगितलं तर ते कान बंद करतील.

इंदोऱ्याचे_गुरुजी

जाईबाईंपासूनच करा. उमरेडचा जन्म, १८९२ चा. कामठी-नागपूर रस्त्यावर डोक्यावर ओझी वाहिली त्या बाईने. एका मिशनरी नन बाईंच्या मदतीने शिकल्या, मिशनच्या शाळेत शिक्षिकाही झाल्या. त्यांची जात कळल्यावर वरच्या जातीच्या लोकांनी बहिष्कार टाकला आणि ती नोकरी सोडावी लागली. मग १९२२ मध्ये नागपुरात त्यांनी मुलींसाठी चोखामेळ्याच्या नावाने स्वतःची शाळा काढली. तुमच्या उमरेडच्या मुलींना ही गोष्ट त्यांच्या गावची म्हणून सांगा. बहिष्कार घालणाऱ्या पालकांना काय वाटलं असेल, हा प्रश्न चर्चेला ठेवा. आपल्या लेकरांचं भलंच करतो आहोत, असं त्यांना मनापासून वाटत होतं. भावी शिक्षकांनी यावर जितका वेळ बोलावं तितका थोडा.

यादी वाचा, त्याला माझा विरोध नाही. फक्त वाचून झाल्यावर 'आता तुमचं सांगा' म्हणू नका. सगळ्यांना कोरा कागद द्या, घरी लिहायला सांगा, नाव घालायला लावू नका आणि कागद परत मागू नका. कोणाला द्यायचा असेल तर तो आणून देईल. आणि वाचताना डोळ्यांत पाणी आलं तर थांबा, पाणी प्या, मग पुढे वाचा. नाहीतर मागच्या बाकावरच्या मुली उठून तुमचीच समजूत काढायला लागतील. त्या दिवशी ते काम त्यांच्यावर येऊ देऊ नका.

वहीत मुलांनी काय टिपलं ते इथे जरूर लिहा. माझा एक नातू यंदा डी.एल.एड.लाच आहे, त्यालाही दाखवीन.